बारा व्हायोलिनवाले

आमच्या घरात अण्णा आणि बाबा एकमेकांशी बोलत नसत. भांडण वगैरे काही नव्हतं, तशी पद्धतच होती. बाबांना काही विचारायचं असलं की ते आईकडे बघून म्हणायचे, अण्णांना विचार, चहा आत्ता घेणार की अंघोळ झाल्यावर. अण्णा तिथेच, हात लांब केला तर लागेल इतक्या जवळ खुर्चीत बसलेले. तेही आईलाच सांगायचे, त्याला म्हणावं माझी अंघोळ झाली, त्याच्या आधी. आई पोळ्या लाटता लाटता इकडचं तिकडे पोचवायची आणि वर स्वतःशी पुटपुटायची की तिला टपाल खात्यात पाठवलं असतं तर निदान पेन्शन तरी मिळालं असतं. बाबा तेव्हा बँकेत हेड कॅशियर होते. युनियनच्या सभेत माइक हातात आला की खाली ठेवत नसत. पण स्वतःच्या वडिलांना तोंडावर एक वाक्य बोलायची वेळ आली की त्यांचा घसा बसायचा.

अण्णा म्हणजे बाबांचे वडील. बोलपट नुकते बोलायला लागले होते त्या काळातले संगीतकार. पुण्यातल्याच एका फिल्म कंपनीत ते पगारावर होते. आज कुणाला खरं वाटायचं नाही, पण तेव्हा संगीत मागाहून भरायची सोय जवळजवळ नव्हतीच. नटी कॅमेऱ्यापुढे उभी आणि वाजवणारे तिच्याच आसपास, फक्त कॅमेऱ्याला दिसणार नाहीत असे दडलेले. कुणी झाडामागे, कुणी भिंतीआड, एकदा तर तबलजी म्हणे पलंगाखाली होता आणि त्याला शिंक आली म्हणून अख्खी सकाळ वाया गेली. अण्णांनी हात वर करायचा, हात खाली आला की वाद्यं सुरू, आणि बोलणं, गाणं, वाजवणं सगळं एकाच माइकमधून एकाच वेळी फिल्मवर उमटायचं. एक जण चुकला की सगळ्यांनी पुन्हा. त्यामुळे अण्णांना हाताची फार शिस्त होती. जेवतानासुद्धा ते हात उगाच हलवत नसत.

पाच-सहा चित्रपट केले त्यांनी. मग कंपनीनं काढून टाकलं, आणि त्यानंतर दुसऱ्या कुणी घेतलं नाही. का काढलं, तर मालकांशी पटलं नाही, एवढंच आम्हाला माहीत. पुढे निवृत्त होईपर्यंत ते मुलींच्या एका शाळेत प्रार्थना आणि स्नेहसंमेलनाची गाणी शिकवत राहिले. आजीनं विद्यार्थ्यांचे डबे करून घर ओढलं. बाबा अभ्यासात पहिले, गणितात तर मास्तरांच्या चुका काढणारे, पण मॅट्रिक झाल्या झाल्या त्यांना बँकेत चिकटावं लागलं. इंजिनिअर व्हायचं राहून गेलं हे ते कधी बोलून दाखवत नसत. घरातला पंखा, मिक्सर, इस्त्री, काहीही बिघडलं तरी दुकानात मात्र जाऊ द्यायचे नाहीत. रविवारी सकाळी जमिनीवर वर्तमानपत्र पसरून, सगळे स्क्रू ओळीनं मांडून बसायचे. त्या वेळी त्यांच्याशी कुणी बोललेलं त्यांना चालत नसे.

एवढं सगळं गेलं त्याच्या बदल्यात बाबांकडे एकच गोष्ट होती. ते लहान असताना अण्णा एकदा म्हणाले होते की होडीच्या सीनला मी मुंबईहून बारा व्हायोलिनवाले आणले होते. बस, एवढंच. चित्रपटाचं नाव मी इथे मुद्दाम लिहीत नाही. पुण्यात राहते मी, लिहिलं की कुणीतरी साल चुकल्याचं सविस्तर कळवणार. नवरा पुरात बुडाल्यावर नावाड्याची बायको पहिल्यांदा स्वतः होडी घेऊन नदी ओलांडते, असा तो सीन होता. घरात अण्णा आणि आजी सोडले तर तो कुणीच पाहिलेला नव्हता, कारण चित्रपटाची प्रत कुठे उरलीच नव्हती, आणि आजी मी जन्मायच्या आधीच गेली. पण बाबा तो सीन असा सांगायचे की समोरचा पाहुणा चिवड्याची बशी खाली ठेवायचा. काठावरच्या झुडपात बारा जण बसलेत, अण्णांचा हात खाली येतो, आणि एकदम बारा व्हायोलिनं उठतात, हळूहळू चढत जातात, होडी पलीकडे लागेपर्यंत. बाबा सांगायला लागले की अण्णा आईला म्हणायचे, ताक आहे का गं थोडं. ताक यायचं, विषय तिथे संपायचा. तळमजल्यावरच्या जोशीकाकांनी एकदा ही गोष्ट शांतपणे शेवटपर्यंत ऐकून घेतली आणि चप्पल घालता घालता विचारलं, "बाराच ना? मागच्या दिवाळीत दहा होते." बाबांनी त्यांच्याशी वर्षभर बोलणं टाकलं होतं.

आम्ही तेव्हा कर्वेनगरात दुसऱ्या मजल्यावर राहायचो. केबल नुकती आली होती, या गच्चीवरून त्या गच्चीवर काळ्या वायरी लोंबायच्या आणि वारा सुटला की खिडकीवर आपटायच्या. कोपऱ्याकोपऱ्यावर कॉम्प्युटर शिकवणाऱ्या क्लासच्या पाट्या लागत होत्या. माझा मोठा भाऊ अभय अशाच एका क्लासला जायला लागला होता, आणि घरात त्यावरून धुसफूस होती. कारण बँकेत कॉम्प्युटर येऊ नयेत म्हणून बाबा छातीवर बिल्ला लावून फिरलेले, आणि पोरगा मात्र त्याच्याच मागे. मी कॉलेजात होते, मधल्या खोलीत अण्णांच्या पलंगाशेजारी माझी गादी असायची. खालच्या मजल्यावरून केबलवरची हिंदी गाणी सुरू झाली की अण्णा भिंतीकडे कूस वळवायचे. वाईट आहे असं नाही म्हणायचे ते कधी. एकदा मी विचारलंच, तर म्हणाले, हे लोक श्वास घ्यायला थांबतच नाहीत गं.

मग ती प्रत सापडली. मार्केट यार्डातल्या एका गुळाच्या व्यापाऱ्यानं गाळा रिकामा करायला काढला. त्याच्या आजोबांचा गावोगाव फिरणारा तंबूतला सिनेमा होता, आणि ढेपांच्या मागे त्या काळचे पत्र्याचे डबे निघाले. जुने चित्रपट दाखवणाऱ्या एका हौशी मंडळाकडे ते पोचले, आणि मंडळातला प्रफुल्ल नावाचा मुलगा आमचा पत्ता काढत घरी आला. नागपूरकडचा, इंजिनिअरिंग अर्धवट सोडून सिनेमाच्या नादी लागलेला. हे ऐकून बाबांनी त्याच्याकडे असं पाहिलं की तो खुर्चीत जरा मागेच सरकला. अण्णांच्या पाया पडून त्यानं सांगितलं की प्रत चांगल्या अवस्थेत आहे, येत्या रविवारी सकाळी कर्वे रस्त्यावरच्या हॉलमध्ये दाखवणार, आणि अण्णांनी पाहुणे म्हणून यायचं. अण्णांनी एकच विचारलं.

"होडीचा सीन आहे?"

"आहे जी. पूर्ण आहे."

अण्णांनी डोळे मिटले. त्यांच्या गळ्याशी एक शीर उडत होती. बाबा मात्र त्याच संध्याकाळपासून आमंत्रणं करत सुटले. अख्खी बँक, अख्खी सोसायटी, साताऱ्याचे नातेवाईक, आणि जिना उतरून खास जोशीकाकांनासुद्धा. पुढच्या रांगेत बसा म्हणाले, मोजता येतील.

आदल्या गुरुवारी दुपारी प्रफुल्लनं प्रत चालवून बघायला आमच्यापैकी कुणाला तरी बोलावलं, पडद्यावरचे चेहरे ओळखायला. अण्णांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालेलं, डॉक्टरांनी उन्हात नेऊ नका म्हटलेलं, म्हणून जुने फोटो घेऊन अभय आणि मी गेलो. गाणी लागली तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. शाळेच्या प्रार्थना बसवणाऱ्या आमच्या अण्णांनी हे केलं होतं. मग नदी आली. बाई होडीत बसली, वल्हं उचललं. मी श्वास रोखून वाट बघत होते. वल्हं पाण्यात पडल्याचा आवाज आला, मग पुन्हा एकदा. होडी निम्म्या नदीत गेली, पलीकडे लागली, बाई उतरली, आणि व्हायोलिनचा एक सूरसुद्धा वाजला नाही.

अभयनं विचारलं, आवाज गेला का. प्रफुल्ल म्हणाला, "नाही जी, पाणी ऐकू येते ना. इथं म्युझिक नाहीच आहे." तो पुढेही काहीतरी सांगत होता, हा सीन त्याला कसा वाटला वगैरे. आमचं लक्ष नव्हतं. रविवारी सगळ्या पुण्यासमोर अण्णा खोटे पडणार, एवढंच मला दिसत होतं, आणि जोशीकाकांचा चेहरा.

घरी आलो, अण्णा झोपले होते. स्वयंपाकघराचं दार लोटून घेऊन आम्ही सांगितलं. बाबा डब्यावर बसून ऐकत होते. त्यांचा चेहरा उतरत उतरत इतका बारीक झाला की मला सांगायला नको होतं असं वाटलं. अण्णा खोटं बोलणार नाहीत, असं ते दोनदा म्हणाले. दुसऱ्यांदा म्हणताना आवाज पडला होता. आई म्हणाली, "मग सरळ विचारा ना त्यांना. झोपलेत, मेले नाहीत." बाबांनी तिच्याकडे असं बघितलं की बाई, काय बोलतेस तू हे. पन्नास वर्षांत जे कधी विचारलं नाही ते आता विचारायचं, आणि ते हो म्हणाले तर? हो रे, मी उगाच सांगितलं होतं, असं म्हणाले तर? तीच भीती मलाही होती, त्यामुळे मीही आईची बाजू घेतली नाही.

तोडगा अभयनं काढला. त्याच्या मित्राकडे कीबोर्ड होता, क्लासच्या सरांकडे तो कॉम्प्युटरला जोडायची सोय होती. आपण वाजवून कॅसेट करू, हॉलच्या माइकवाल्याला पटवू, सीन आला की त्यांच्या स्पीकरवरून लावू. लोकांना काय कळतंय. आम्हाला वाटलं बाबा आता उसळणार. ते स्टोव्हच्या पिनेशी खेळत राहिले.

"व्हायोलिन निघतं का त्यातून?" त्यांनी विचारलं.

त्या दोन दिवसांत मी माझ्या वडिलांना पहिल्यांदा आणि शेवटचं गुणगुणताना ऐकलं. अभयच्या मित्राच्या गॅरेजमध्ये ते कीबोर्डशेजारी स्टुलावर बसले आणि आयुष्यभर लोकांना सांगितलेलं ते संगीत त्यांनी घशातून काढून दाखवलं, इथे चढतं, इथे थोडं थांबतं, मग सगळी एकदम. पोरं हसू दाबत होती, मग थांबली. कारण ते खरंच चांगलं होतं. बाबांच्या पोटात इतकी वर्षं एवढं सगळं होतं आणि आम्ही त्यांना पंखे दुरुस्त करणारा माणूस समजत होतो. आज अभय परदेशात आहे, त्याच्या फोनमध्ये बाराच काय, हवी तेवढी व्हायोलिनं निघतात. पण त्या कॅसेटचं नाव काढलं की अजून विषय बदलतो.

रविवारी आईनं पहाटेच शिरा केला, तो कुणाच्या घशाखाली उतरला नाही. फक्त अण्णांनी मागून घेतला. कोट घातला, काळा चष्मा लावला, रिक्षात माझ्या शेजारी ताठ बसले. हॉल गच्च भरला होता. पहिल्या रांगेत मध्ये अण्णा, एका बाजूला बाबा, दुसऱ्या बाजूला मी. मागच्याच रांगेत जोशीकाका. अगदी पाठीमागे, प्रफुल्लच्या प्रोजेक्टरपासून थोडं दूर, माइकवाल्याच्या टेबलाशी अभय टेपरेकॉर्डर घेऊन बसलेला. प्रफुल्लला यातलं काही माहीत नव्हतं.

चित्रपट सुरू झाला. पहिल्या गाण्याला टाळ्या पडल्या, दुसऱ्याला वन्स मोअर आला. अण्णा हलले नाहीत. बाबा मात्र दर थोड्या वेळानं मान वळवून मागे बघत होते, इतकं की एकदा आईनं मागच्या रांगेतून त्यांच्या खांद्यावर टिचकी मारली. पूर आला. नावाडी गेला. बाई दारात बसून राहिली. पुढचाच सीन होडीचा होता, आणि तिथे काय होणार हे त्या हॉलमध्ये आम्हालाच माहीत होतं. तेवढ्यात अण्णांचा हात माझ्या मनगटावर आला. थंडगार होता. माझ्या कानाशी वाकून ते म्हणाले, "आता नीट ऐक. बारा जण आणले होते मालकांनी सांगितलं म्हणून. मी हात खाली केलाच नाही."

मला समजायला क्षण लागला. म्हणजे तो सीन मुळातच गप्प होता, आणि मागे अभय त्याच्यावर कॅसेट लावणार होता. पडद्यावर बाई काठाकडे चालायला लागली होती. मी उठले आणि वाकून रांगेबाहेर पडले. जोशीकाकांच्या गुडघ्यावर आपटले, ते म्हणाले, सावकाश, नदी कुठे पळून जात नाही. मधली वाट खुर्च्यांनी भरलेली, उशिरा आलेले लोक खाली बसलेले, मी त्यांच्या हातापायांवरून जात होते आणि ते शिव्या घालत होते. मागे वळून पाहिलं तर बाई होडीत बसत होती. अभयनं मला येताना पाहिलं, त्याला वाटलं मी इशारा करायला आले आहे. त्यानं मान हलवली आणि बोट बटणावर ठेवलं. ओरडता येईना. मी पोचले ती थेट टेबलाखाली गेले आणि हाताला लागलेली टेपरेकॉर्डरची वायर खेचून काढली. अभय माझ्या तोंडाकडे बघतच राहिला. मी त्याचं मनगट धरून ठेवलं, सोडलंच नाही.

हॉलमध्ये वल्ह्याचा आवाज आला. मग काहीच नाही. इकडे आम्ही दोघं गोठलेले, आणि तिकडे पहिल्या रांगेत बाबा मागे बघताहेत, वाट बघताहेत. त्यांचं व्हायोलिन येत नव्हतं. ते ताडकन उभे राहिले. प्रोजेक्टरच्या उजेडात त्यांची सावली पडद्यावर पडली, आणि युनियनच्या सभेतला तो आवाज अख्ख्या हॉलमध्ये घुमला, "अरे, आवाज गेलाय! आवाज!" त्यांना अण्णांना वाचवायचं होतं. यंत्रच बिघडलंय, असं लोकांना वाटलं तरी चाललं असतं. आणि पुण्याचे प्रेक्षक ते, एकानं सुरुवात केली की झालं. दहा ठिकाणांहून आवाज, आवाज सुरू झालं, कुणी शिट्टी मारली.

तेव्हा अण्णा उठले. ऐंशी पार केलेला, काळा चष्मा लावलेला माणूस. ओरडले नाहीत, पण शाळेत वर्गभर मुलींना गप्प करायची सवय होती त्यांना.

"वसंता, खाली बस. काही बिघडलेलं नाही. हे असंच केलंय मी."

बाबा बसले. हॉल बसला. मी अभयचं मनगट धरून मागे उभी होते, आणि तो सीन मी तेव्हा पहिल्यांदा ऐकला. बाई वल्हं उचलते आणि मध्येच थांबते. बुडालेल्या नवऱ्याचं वल्हं आहे ते. ती श्वास घेते, आणि तो श्वास त्या जुन्या, खरखरणाऱ्या फिल्मवर इतका जवळून ऐकू येतो की आपल्याच खांद्यामागे कुणी उभं आहे असं वाटावं. एक साधं व्हायोलिन असतं तरी तो कुठल्या कुठे बुडाला असता. मग वल्हं पडतं. सगळा हॉल गप्प होता. माझ्या शेजारी माइकवाला डोळे पुसत होता.

बाहेर लोकांनी अण्णांना गराडा घातला. जोशीकाका आले, म्हणाले, बारा माणसं गप्प बसवायची म्हणजे सोपं काम नाही, मला घरात एक जमलेली नाही. तो त्यांचा नमस्कार होता. गर्दी ओसरल्यावर आम्ही पायरीवर रिक्षाची वाट बघत थांबलो. बाबांचा चेहरा पांढरा पडला होता. आईकडे न बघता ते थेट अण्णांना म्हणाले, "यासाठी काढलं होतं का तुम्हाला?" अण्णा हो म्हणाले. मालक काठावर उभे होते, पैसे मोजून आणलेले लोक वाजवत का नाहीत म्हणून संतापले, पुन्हा घ्या म्हणाले. त्या बाईनं सांगितलं मला पुन्हा हे जमणार नाही, आणि उजेडही गेला. दुसऱ्या दिवशी अण्णांना येऊ नका सांगितलं, आणि हा माणूस हुकूम ऐकत नाही हे मुंबईपर्यंत पोचलं. "तुला सांगणार होतो," अण्णा म्हणाले, "पण तू ती गोष्ट इतकी रंगून सांगायचास." बाबा रिक्षात बसलेच नाहीत, चालत गेले.

मग घरात जे काही दिवस गेले ते मला अजून नकोसे वाटतात. बाबा आईमार्फतसुद्धा अण्णांशी बोलेनात. चहाचंही विचारेनात. जेवायला वेगळे बसायचे, बँकेतून उशिरा यायचे, टेबलफॅन बंद पडला तर कधी नव्हे तो तसाच पडू दिला. अण्णांचं जेवण निम्म्यावर आलं होतं आणि ताकही मागत नव्हते. आई मला म्हणाली, मला वाटतं आता हे दोघं असेच राहणार, एक जाईपर्यंत. ती रडत होती. मला बाबांचा राग येत होता आणि अण्णांचाही येत होता, कारण त्या एका श्वासापायी आजीनं जन्मभर डबे केले होते, आणि तो सीन चांगला होता म्हणून ते काही पुसलं जात नव्हतं. आजही मला त्याचा हिशेब लावता येत नाही. अण्णांनी केलं ते बरोबर, असं मी अनेकदा लोकांना सांगते, आणि आजीचे डबे त्यातून वगळते.

पुढच्या रविवारी मंडळानं तो चित्रपट लोकाग्रहास्तव पुन्हा लावला. आम्ही कुणी गेलो नाही. बाबा सकाळीच पिशवी घेऊन भाजीला म्हणून बाहेर पडले ते जेवायच्या वेळी आले, पिशवी रिकामी. आईनं पानं मांडली होती. बाबा हातपाय धुऊन आले आणि आपलं ताट उचलून अण्णांच्या समोर येऊन बसले. आई वाढता वाढता थांबली.

"ती वल्हं उचलते आणि मध्ये थांबते," बाबा म्हणाले. "तिथं तिचा श्वास ऐकू येतो."

अण्णांनी घास खाली ठेवला. "ऐकू आला तुला?"

"आला." बाबांचा आवाज चिरकला. "पण मला इंजिनिअर व्हायचं होतं, अण्णा."

"माहीत आहे मला," अण्णा म्हणाले. "तू पंखा उघडून बसायचास तेव्हा दर वेळी माहीत असायचं."

बाबांनी मान खाली घातली आणि जेवायला लागले. आईनं दोघांच्या पानांत भात वाढला.